साध्या कागदावरचं नाव

पूर्णगडात कुणाचं मानसिक आजारपण हाताबाहेर गेलं, की घरच्यांना रत्नागिरीचं प्रादेशिक मनोरुग्णालय आठवतं. माणूस दाखल झाला की सगळे निर्णय आपलेच, हा समज मात्र २०१७ च्या मानसिक आरोग्य सेवा कायद्याने मोडीत काढला. नातेवाइकांचा अधिकार आता थेट रक्ताच्या नात्यावर उभा नाही. तो ‘नामनिर्देशित प्रतिनिधी’ या वाटेने येतो. कोणीही सज्ञान व्यक्ती साध्या कागदावर आपल्या विश्वासातल्या माणसाचं नाव लिहून खाली सही किंवा अंगठा करू शकते. मुद्रांक नको, नोटरी नको. त्या प्रतिनिधीला उपचारांची माहिती मिळते आणि सेवेतल्या त्रुटींबद्दल तक्रारही करता येते.

आक्षेप ठरलेला: भान हरपलेला माणूस नाव काय लिहिणार, आणि वर्षानुवर्षं खस्ता खाणाऱ्या आईला बाजूला सारायचं का? कायदा तिला सारत नाही. असा कागद नसेल तर नातेवाईक प्रतिनिधी होऊ शकतो. त्याच्या अर्जावर एक मानसोपचारतज्ज्ञ आणि दुसरा डॉक्टर किंवा मानसिक आरोग्य व्यावसायिक स्वतंत्रपणे तपासणी करतात. गरज पटली तर ३० दिवसांपर्यंत दाखल करता येतं. १९८७ च्या कायद्यात नातेवाइकांच्या अर्जावर ही मुदत ९० दिवसांची होती. आटलेली मुदत घरच्यांना जाचते, हे खरंच. पण वाटणीत आडवा येणारा भाऊ ‘वेडा’ ठरवून आत टाकणंही तिनेच अवघड केलं. शिवाय घरचे न्यायला येत नाहीत, एवढ्याच कारणावरून कुणाला रुग्णालयात ठेवून घेता येत नाही.