गेम हरवला नाही, नोंद हरवली!

परीक्षा संपली आणि त्याच आठवड्यात घरातला कॉम्प्युटर बसला. इंदूरच्या त्या मराठी घरात अकरावीतल्या मुलाच्या सुट्टीचे सगळे बेत त्या कॉम्प्युटरवरच आखलेले. दुरुस्ती करणाऱ्याने तपासून सांगितले, की विंडोज नव्याने घालावे लागेल आणि सी ड्राइव्ह पूर्ण पुसला जाईल. त्यात काही महत्त्वाचे आहे का, असेही त्याने विचारले. मुलाने क्षणाचाही विचार न करता उत्तर दिले, ‘‘गेम सगळे डी ड्राइव्हमध्ये आहेत. सीमध्ये काही नाही.’’

दुसऱ्या दिवशी कॉम्प्युटर परत आला. मुलाने स्टीम हा लाँचर पुन्हा घातला, पासवर्ड दिला आणि तो पाहतच राहिला. यादीत त्याचे सगळे गेम होते, पण सगळी नावे फिकी पडलेली. प्रत्येकासमोर एकच बटण, ‘इन्स्टॉल’. डी ड्राइव्ह उघडून पाहिला, तर तिथे गेमचे फोल्डर जागच्या जागी. म्हणजे गेम घरात आहे आणि लाँचर म्हणतो, नाही!

वैतागून त्याने ठरवले, की डीमधले सगळे पुसायचे आणि नव्याने डाउनलोड करायचे. तेवढ्यात बंगळुरूला नोकरीला असलेल्या बहिणीचा फोन आला. सगळे ऐकून ती म्हणाली, ‘‘अरे, थांब! एकही फोल्डर पुसू नकोस. गेम कुठेही गेलेले नाहीत.’’

‘‘मग ताई, दिसत का नाहीत?’’

‘‘स्टीमला ते कुठे ठेवलेत, हेच आठवत नाहीये. ते त्याला सांगायचं, बस.’’

पुस्तक कपाटात, नोंद गहाळ

हा अनुभव आज अनेक घरांत येतो. एके काळी गेम सीडीवर मिळत असे. सीडी घालायची, गेम कॉम्प्युटरवर चढवायचा आणि पडद्यावरच्या चित्रावर क्लिक करून खेळायचे. मध्ये कोणी नसे. अमेरिकेतल्या व्हॉल्व्ह कंपनीने २००३मध्ये स्टीम सुरू केले आणि २००४मध्ये आलेला त्यांचा ‘हाफ-लाइफ २’ हा गेम खेळण्यासाठी स्टीम सक्तीचे केले. पुढे इतर कंपन्यांनीही आपापले लाँचर आणले. आता गेम विकत घेणे, उतरवणे, अद्ययावत ठेवणे आणि सुरू करणे, ही सगळी कामे लाँचर करतो.

लाँचरचे काम ग्रंथालयातल्या कारकुनासारखे चालते. तो प्रत्येक वेळी कपाटे धुंडाळत नाही, नोंदवही पाहतो. पुस्तक कपाटात असले, पण वहीतले पान फाटले, तर तो सरळ सांगणार, ‘‘पुस्तक नाही.’’ पुस्तक मात्र जागेवरच असते.

स्टीमच्या अशा दोन नोंदी असतात. पहिली स्टीमच्या स्वतःच्या फोल्डरमध्ये, म्हणजे बहुधा सी ड्राइव्हवर. कोणकोणत्या ड्राइव्हवर गेमची कपाटे आहेत, हे तिच्यात लिहिलेले असते. दुसरी नोंद गेमच्या शेजारीच असते. गेम ज्या ड्राइव्हवर असतात, तिथे ‘स्टीमअ‍ॅप्स’ नावाचा फोल्डर असतो. त्याच्या आत ‘कॉमन’ या फोल्डरमध्ये प्रत्यक्ष गेम असतात आणि ‘कॉमन’च्या बाहेर प्रत्येक गेमची एक छोटी फाइल असते. तिचे नाव ‘अ‍ॅपमॅनिफेस्ट’ या शब्दाने सुरू होते आणि पुढे त्या गेमचा क्रमांक असतो. गेमचे नाव काय, फोल्डर कोणता, तो पूर्ण उतरला आहे की अर्धवट, हे सारे त्या फाइलमध्ये असते.

विंडोज नव्याने घातले, की सी ड्राइव्हवरची पहिली नोंद पुसली जाते. डी ड्राइव्हवरचे गेम आणि त्यांच्या फाइली शाबूत राहतात. इंदूरच्या त्या घरात नेमके हेच झाले होते.

आधी या तीन गोष्टी पाहा

दुरुस्तीला हात घालण्यापूर्वी तीन साध्या गोष्टी तपासाव्यात.

पहिली, खाते बरोबर आहे ना? भावंडांची खाती वेगळी असतील आणि चुकून दुसऱ्याचे खाते उघडले असेल, तर आपले गेम दिसणार नाहीत. गेमची मालकी खात्याशी बांधलेली असते, कॉम्प्युटरशी नव्हे.

दुसरी, यादीला चाळणी तर लागलेली नाही? लाँचरमध्ये यादीतले ठरावीक गेमच दाखवण्याची सोय असते. ती चुकून सुरू राहिली, तर बाकीचे गेम दडून बसतात.

तिसरी, ड्राइव्हचे अक्षर बदलले आहे का? गेम बाहेरून जोडायच्या हार्ड डिस्कवर असतील, तर हे बरेचदा होते. काल जी डिस्क ‘ई’ होती, ती आज पेन ड्राइव्ह आधी लावल्यामुळे ‘एफ’ होते आणि लाँचर जुन्या पत्त्यावर शोधत राहतो. विंडोजच्या ‘डिस्क मॅनेजमेंट’मध्ये जाऊन त्या डिस्कला तिचे जुने अक्षर परत देता येते. विंडोज ज्या ड्राइव्हवर आहे, त्याच्या अक्षराला मात्र हात लावू नये. बाहेरची डिस्क नेहमी आधी जोडावी आणि लाँचर नंतर उघडावा.

स्टीमला पत्ता कसा सांगायचा?

हे तिन्ही ठीक असेल, तर स्टीममध्ये ‘सेटिंग्ज’ उघडून ‘स्टोरेज’वर जावे. वरच्या बाजूला ड्राइव्हचे नाव दिसते. त्यावर क्लिक केल्यावर ‘अ‍ॅड ड्राइव्ह’ हा पर्याय मिळतो. तिथे गेम असलेला ड्राइव्ह किंवा फोल्डर निवडावा. इथे अनेक जण एक चूक करतात. ते थेट ‘स्टीमअ‍ॅप्स’ फोल्डर दाखवतात. निवडायचा असतो तो त्याच्या बाहेरचा, म्हणजे ज्याच्या पोटात ‘स्टीमअ‍ॅप्स’ आहे तो फोल्डर. पत्ता बरोबर मिळाला, की स्टीम गेमशेजारच्या फाइली वाचते आणि फिकी नावे उजळतात.

कधी कधी गेमचा फोल्डर असतो, पण त्याच्या शेजारची छोटी फाइल नाहीशी झालेली असते. अशा वेळी त्या गेमसमोरचे ‘इन्स्टॉल’ बटण दाबावे आणि ठिकाण म्हणून तोच जुना ड्राइव्ह निवडावा. बटणाच्या नावाने घाबरू नये. ‘कॉमन’मधल्या फोल्डरचे नाव आपण बदललेले नसेल, तर स्टीम तिथल्या फाइली तपासते आणि जे कमी असेल तेवढेच उतरवते.

गेम दिसू लागला पण सुरू होत नसेल, तर त्याच्या नावावर उजवे क्लिक करून ‘प्रॉपर्टीज’मधल्या ‘इन्स्टॉल्ड फाइल्स’वर जावे आणि ‘व्हेरिफाय’ करण्याचे बटण दाबावे. बिघडलेल्या फाइली स्टीम स्वतःच बदलून घेते.

इतर लाँचरचे काय?

एपिक गेम्सच्या लाँचरच्या नोंदी सी ड्राइव्हवरच्या ‘प्रोग्रामडेटा’ या लपवलेल्या फोल्डरमध्ये असतात. म्हणून विंडोज बदलल्यावर हा लाँचरही गेम ओळखत नाही. इथे एक जुनी युक्ती कामाला येते. गेमच्या फोल्डरचे नाव तात्पुरते बदलावे. लाँचरमधून त्याच ठिकाणी गेम उतरवायला सुरुवात करावी. थोडा उतरला, की डाउनलोड थांबवून लाँचर पूर्ण बंद करावा. मग जुन्या फोल्डरमधल्या फाइली नव्या फोल्डरमध्ये घालाव्यात आणि लाँचर उघडून डाउनलोड पुढे चालू करावे. लाँचर असलेल्या फाइली तपासतो आणि उरलेल्याच आणतो.

जीओजी गॅलक्सीमध्ये आधीपासून असलेला फोल्डर आयात करण्याची सोय आहे. युबिसॉफ्ट कनेक्टमध्येही कॉम्प्युटरवर असलेला गेम कुठे आहे, हे दाखवून देता येते. तिथे कसलीही युक्ती लागत नाही.

पुन्हा डाउनलोड केले, तर काय बिघडले?

ज्या घरात वेगवान आणि अमर्याद इंटरनेट आहे, तिथे फारसे बिघडत नाही. पण सगळीकडे तसे नसते. ‘फोर्झा होरायझन ५’ या मोटार शर्यतीच्या गेमला सुमारे ११० जीबी जागा लागते. घरच्या ४० एमबीपीएसच्या जोडणीवर तेवढी माहिती उतरायला सहा तासांहून अधिक वेळ लागेल आणि तोही वेग एकदाही कमी झाला नाही तर. मोबाइलवर रोज २ जीबी मिळत असतील, तर हाच हिशेब ५५ दिवसांवर जातो.

त्याहून मोठा धोका घाईचा आहे. स्टीम बिघडले म्हणून ते काढून टाकताना त्याच्याच फोल्डरमध्ये असलेले गेमही पुसले जाऊ शकतात. म्हणून स्टीम काढण्याआधी ‘स्टीमअ‍ॅप्स’ फोल्डर दुसरीकडे हलवून ठेवावा. आणि ‘एका क्लिकमध्ये सगळे गेम परत’ असे सांगणारी कुठलीही अनोळखी फाइल उतरवू नये. मदत करतो म्हणून कोणी पासवर्ड किंवा मोबाइलवर आलेला कोड मागितला, तर तो मुळीच देऊ नये. गेमचे खाते म्हणजे त्यात खर्च केलेले पैसेच असतात. मुलांना हे मोठ्यांनीच समजावून सांगायला हवे.

जे परत मिळत नाही

गेम पुन्हा उतरवता येतो. खेळातली प्रगती मात्र वेगळ्या जागी साठवलेली असते आणि ती जागा बरेचदा सी ड्राइव्हवर असते, ‘डॉक्युमेंट्स’मध्ये किंवा ‘अ‍ॅपडेटा’ या लपवलेल्या फोल्डरमध्ये. काही गेम ही प्रगती इंटरनेटवरही ठेवतात, सगळे नाही. म्हणून विंडोज बदलण्याआधी हे फोल्डर पेन ड्राइव्हवर उतरवून घ्यायला हवेत.

इंदूरच्या त्या घरात बहिणीने फोनवर सांगितले तसे मुलाने केले. दहा मिनिटांत सगळी नावे उजळली. सर्वांत आधी त्याने ‘युरो ट्रक सिम्युलेटर २’ उघडला. प्राग शहरातल्या एससीएस सॉफ्टवेअरने २०१२मध्ये आणलेला हा ट्रक चालवण्याचा गेम. २०२०च्या टाळेबंदीत दोघा भावंडांनी त्यात आपापली मालवाहतूक कंपनी उभी केली होती. ताई नोकरीला गेल्यावर तो एकटाच दोन्ही कंपन्या चालवत होता.

पडद्यावर एकच कंपनी दिसली. ताईची. तिने आपले नाव नोंदवताना प्रगती स्टीमच्या इंटरनेटवरच्या साठ्यात ठेवण्याच्या चौकटीत खूण केली होती. त्याने केली नव्हती. त्याची कंपनी ‘डॉक्युमेंट्स’मध्ये होती, सी ड्राइव्हवर.

बराच वेळ तो काही बोलला नाही. मग फोनवर म्हणाला, ‘‘ताई, तुझी आहे. माझी गेली.’’

‘‘अरेरे,’’ ती म्हणाली. क्षणभर थांबून तिने विचारले, ‘‘नवीन सुरू करतोस? आधी ती खूण कर. मी रात्री कामावरून आले, की आपण दोघं चालवू.’’

त्याने नवे नाव लिहिले, चौकटीत खूण केली आणि पहिला ट्रक बाहेर काढला.