पोस्टातला पैसा: समज, गैरसमज

पोस्टात पैसे टाकले की काळजी मिटली, असं घरोघरी म्हणतात आणि ते खरंही आहे. पण या विश्वासाला इतक्या ऐकीव गोष्टी चिकटल्या आहेत की ऐन गरजेच्या वेळी माणसं अडतात.

सगळ्यात जास्त गोंधळ दोन बँकांचा. पोस्ट ऑफिस बचत बँक आणि इंडिया पोस्ट पेमेंट्स बँक या एकच नव्हेत, जरी दोन्हींची कामं एकाच इमारतीत चालत असली तरी. पहिली 1882 पासूनची. आरडी, मासिक प्राप्ती, सुकन्या, पीपीएफ या केंद्र सरकारच्या अल्पबचत योजना तिच्याकडे; टपाल खातं हे काम अर्थ मंत्रालयाच्या वतीने करतं. दुसरी बँक 2018 मध्ये देशभर सुरू झाली. ती पूर्णपणे सरकारी मालकीची, पण रिझर्व्ह बँकेच्या परवान्यावर चालणारी कंपनी आहे. पोस्टमन दारात येऊन बोटाचा ठसा घेतो आणि पैसे हातात ठेवतो, ते काम या दुसऱ्या बँकेचं. तिच्या खात्यात दिवसअखेर 2 लाखांपेक्षा जास्त रक्कम राहू शकत नाही. ती मुदत ठेव घेत नाही, स्वतः कर्जही देत नाही.

हा फरक सुरक्षिततेच्या बाबतीत फार महत्त्वाचा ठरतो. ‘पोस्टातसुद्धा 5 लाखांपर्यंतच हमी’ असं अनेक जण छातीठोकपणे सांगतात. ती मर्यादा बँकांच्या ठेव विम्याची आहे. पेमेंट्स बँक त्या विम्याखाली येते. अल्पबचत योजनांतली रक्कम मात्र थेट केंद्र सरकारचं देणं आहे. तिथे 5 लाखांचा प्रश्नच येत नाही. निवृत्तीची पुंजी ठेवताना एवढं तरी प्रत्येकाला ठाऊक असायलाच हवं.

हा पैसा पोस्टाच्या तिजोरीत पडून राहत नाही. 1999 पासून तो राष्ट्रीय अल्पबचत निधीत जातो आणि तिथून सरकारं कर्ज घेतात. पूर्वी राज्यात जमलेल्या बचतीचा मोठा वाटा त्याच राज्याला कर्जाऊ मिळे. एप्रिल 2016 पासून अरुणाचल, दिल्ली, केरळ आणि मध्य प्रदेश सोडून बाकीची राज्यं या व्यवस्थेतून बाहेर पडली. त्यांत महाराष्ट्रही आहे. त्यामुळे ‘आपल्या तालुक्यातली बचत आपल्याच राज्याला’ हे जुनं गणित आज लागू नाही.

व्याज करमुक्त? पीपीएफ आणि सुकन्याचं, होय. मासिक प्राप्ती, आरडी, ज्येष्ठ नागरिक योजना यांचं व्याज करपात्र आहे. काही योजनांत टीडीएस कापला जात नाही, म्हणून कर नाही असा अर्थ काढू नये. व्याजदर सरकार दर तिमाहीला ठरवतं, पण एनएससी किंवा मुदत ठेव एकदा घेतली की तिचा दर शेवटपर्यंत तोच राहतो.

आता एजंटबद्दल. महिला प्रधान क्षेत्रीय बचत योजनेतल्या एजंट ताई दर महिन्याला घरी येतात, आरडीचा हप्ता घेतात, कार्डावर सही करतात. त्यांचं 4 टक्के कमिशन सरकार देतं, तुमच्या हप्त्यातून एक पैसाही कापला जात नाही. या बायकांनी लाखो घरांना बचतीची शिस्त लावली आहे. पण कार्डावरची सही म्हणजे पोस्टातली जमा नव्हे. ताईंनी यादी करून रक्कम भरली आणि खात्यात नोंद झाली, तरच हप्ता भरला असं धरायचं. हप्ता चुकला तर शंभरामागे महिन्याला 1 रुपया दंड बसतो, आणि सलग चार हप्ते चुकले की खातं खंडित होतं. ते पुन्हा सुरू करायला दोन महिन्यांचीच मुदत मिळते. म्हणून पासबुक स्वतःकडे ठेवावं, दोन-तीन महिन्यांनी खिडकीवर जाऊन नोंदी छापून घ्याव्यात आणि कार्डावरच्या तारखांशी ताडून पाहाव्यात.