रिकाम्या जागेची वारसदार
लेखमाला : सत्तेची शिडी – भाग ६

पंचायत राजमधल्या महिला आरक्षणाचा हिशेब मागच्या भागात मांडला होता. महाराष्ट्रात २०११पासून ग्रामपंचायतीपासून जिल्हा परिषदेपर्यंत निम्म्या जागा स्त्रियांसाठी राखीव आहेत. मग या स्त्रिया पुढे जातात कुठे? २०२४च्या विधानसभा निवडणुकीत पुणे जिल्ह्यातल्या २१ मतदारसंघांतून एकच स्त्री निवडून आली, पर्वतीच्या माधुरी मिसाळ. खालच्या सभागृहांत निम्म्या आणि वर एकविसांत एक, एवढी गळती मधल्या टप्प्यावर होते. तिचं कारण स्त्रियांच्या पात्रतेत नाही. आमदारकीचं तिकीट ज्या वाटेनं दिलं जातं, त्या वाटेत ते आहे. ती वाट समजून घ्यायला याच जिल्ह्यातला दौंड मतदारसंघ उपयोगी पडतो, आणि त्याला ताडून पाहायला आयर्लंड.

दौंडमधून सुभाष कुल १९९०, १९९५ आणि १९९९ असे सलग तीनदा आमदार झाले. त्यांच्या निधनानंतर पोटनिवडणूक लागली, त्यांच्या पत्नी रंजना कुल निवडून आल्या आणि २००४मध्ये मतदारांनी त्यांना पुन्हा कौल दिला. २०१४पासून त्यांचे पुत्र राहुल कुल आमदार आहेत. २०१९मध्ये दौंड ज्यात येतं त्या बारामती लोकसभेसाठी राहुल कुलांच्या पत्नी कांचन कुल भाजपकडून उभ्या राहिल्या. त्यांना सव्वापाच लाखांहून अधिक मतं मिळाली आणि सुप्रिया सुळे यांच्याकडून १,५५,७७४ मतांनी त्या हरल्या. २०२४मध्ये त्याच मतदारसंघात सुळे यांच्यासमोर सुनेत्रा पवार होत्या. म्हणजे दौंडच्या मतदारासमोर लोकसभेला लागोपाठ दोनदा दोन्ही प्रमुख उमेदवार स्त्रियाच होत्या. वरवर पाहता ही मोठी मजल वाटते. पण या तिघींपैकी प्रत्येकीचं नाव उमेदवार म्हणून पुढे आलं, तेव्हा मागे एक राजकीय घराणं उभं होतं. चिंचवडचं उदाहरण याहून बोलकं आहे. लक्ष्मण जगताप यांच्या निधनानंतर २०२३च्या पोटनिवडणुकीत त्यांच्या पत्नी अश्विनी जगताप निवडून आल्या. पुढच्याच वर्षी तिकीट त्यांच्या दिरांना, शंकर जगताप यांना मिळालं. जागा घरात राहिली, बाई मात्र सभागृहात राहिली नाही.

ही रीत आपल्याकडचीच आहे असं मानायचं कारण नाही. आयर्लंडमध्ये मजूर पक्षाचे खासदार डॅन डेसमंड १९६४च्या अखेरीस वारले. मार्च १९६५मध्ये मिड कॉर्कच्या पोटनिवडणुकीत त्यांच्या पत्नी आयलीन डेसमंड निवडून आल्या. तेव्हा त्यांचं वय ३२ होतं. या निकालानंतर पंतप्रधान शॉन लेमास यांनी संसद बरखास्त करून सार्वत्रिक निवडणूक घेतली, त्यामुळे आयलीनना महिन्याभरातच पुन्हा मतदारांपुढे जावं लागलं आणि त्या पुन्हा जिंकल्या. १९६९मध्ये त्या हरल्या, वरिष्ठ सभागृहात गेल्या, १९७३मध्ये परत निवडून आल्या, १९७९मध्ये युरोपीय संसदेत पोचल्या आणि १९८१मध्ये आरोग्य व समाजकल्याण मंत्री झाल्या. सुरुवात नवऱ्याच्या जागेवरून झाली, पुढची बावीस वर्षं मात्र त्यांची स्वतःची होती.

इथे पहिला आक्षेप येतो : वाट कुठलीही असो, बाई कर्तबगार निघाली तर बिघडलं काय? त्या बाईपुरतं काहीच बिघडत नाही, आणि मतदारांनी दिलेला कौल खोटा ठरवण्याचाही प्रश्न नाही. प्रश्न संख्येचा आहे. कॉन्स्टन्स मार्कीव्हिच १९१९मध्ये आयर्लंडच्या मंत्री झाल्या. त्यानंतर मंत्रिमंडळात दुसरी स्त्री यायला १९७९ उजाडलं, आणि त्या मॉयरा गेगन-क्विन १९७५मध्ये वडिलांच्या निधनानंतरच्या पोटनिवडणुकीतूनच आल्या होत्या. तिथल्या संसदेत त्या काळी पोचलेल्या बहुतेक स्त्रिया दिवंगत सदस्यांच्या पत्नी, मुली किंवा बहिणी होत्या. घराण्याची वाट एका वेळी एकच स्त्री आणते, तीही बहुधा घरातला पुरुष गेल्यावर किंवा त्याच्या सोयीनं. तिच्यामागे दुसरी उभी राहील अशी व्यवस्था ती तयार करत नाही. शिवाय ज्यांच्या घरात आमदारकी नाही, त्या स्त्रियांना ही वाट मुळातच बंद असते. आपल्याकडे शारदाबाई पवार १९३८मध्ये पुणे जिल्हा लोकल बोर्डावर निवडून आल्या. तिथला अनुभव गाठीशी असलेल्या शारदाबाई विधानसभेत गेल्या नाहीत. १९६७मध्ये बारामतीतून गेले ते त्यांचे पुत्र शरद पवार.

आयर्लंडनं २०१२मध्ये या कोंडीवर कायदा केला. संसदेच्या निवडणुकीत किमान ३० टक्के उमेदवार स्त्रिया आणि ३० टक्के पुरुष नसतील, तर पक्षाचं निम्मं सरकारी अनुदान बंद. २०२३पासून ही अट ४० टक्क्यांवर गेली. २०११मध्ये स्त्री-उमेदवार ८६ होत्या, २०१६मध्ये १६३ झाल्या. निवडून आलेल्या २५वरून ३५वर गेल्या आणि २०२४मध्ये १७४पैकी ४४ झाल्या. उमेदवार जवळपास दुप्पट होऊनही विजय त्या प्रमाणात वाढले नाहीत, तेव्हा पक्ष पडेल जागा बायकांच्या माथी मारतात या शंकेत तथ्य असू शकतं. पण पडलेली उमेदवारही प्रचार, हिशेब आणि बूथची बांधणी शिकते, पुढच्या वेळी पक्षाला माहीत असलेलं नाव होते. कायद्याची कमाई निकालापेक्षा त्या नावांच्या यादीत जास्त आहे. तिथली उणीव वेगळी आहे : ही अट स्थानिक निवडणुकांना लागू नाही आणि २०१९मध्ये नगरसेवकांत स्त्रिया जेमतेम २४ टक्के होत्या. त्यांनी वरच्या पायरीवर कायदा केला, आपण खालच्या. शिडी दोघांचीही अर्धीच आहे.

आपल्या अर्ध्या शिडीत आणखी एक खोट आहे. जिल्हा परिषदेतलं आरक्षण फिरतं असतं. पाच वर्षं राबून एखादी सदस्य आपल्या गटात, म्हणजे जिल्हा परिषदेच्या मतदारसंघात, जम बसवते, तोवर गट खुला होतो आणि पक्ष तिथे पुरुष शोधतो. तिला कोणी हरवलेलं नसतं, तिची पाळी संपलेली असते. १०६व्या घटनादुरुस्तीनं लोकसभा-विधानसभेत एक तृतीयांश जागा राखल्या आहेत, पण अंमल जनगणना आणि मतदारसंघ पुनर्रचनेनंतरचा. तो दिवस येईल तेव्हा पक्षांना एकदम शेकडो स्त्री-उमेदवार लागतील. खुल्या गटांत लढून तयार झालेल्या स्त्रिया हाताशी नसतील, तर पक्ष आमदाराच्याच घराचं दार ठोठावतील आणि आरक्षण घराण्यांच्या पदरात पडेल.

यावर उपाय म्हणून आयर्लंडसारखी उमेदवारीची अट इथेही आणा म्हटलं, तर कोणी म्हणेल, आयर्लंडमध्ये एका मतदारसंघातून तीन ते पाच जण निवडून येतात, तिथे बाईला जागा करणं सोपं आहे. आपल्याकडे एका जागेवर एकच, आणि पक्षांना सरकारी अनुदानही नाही. दोन्ही मुद्दे खरे आहेत, पण अडचण दूर होण्यासारखी आहे. अट एखाद्या जागेला न लावता पक्षाच्या राज्यभरातल्या एकूण तिकिटांना लावता येते. दंडासाठी अनुदानच हवं असंही नाही. राजकीय पक्षांना उत्पन्नावर प्राप्तिकराची सूट मिळते, आकाशवाणी-दूरदर्शनवर प्रचाराला फुकट वेळ मिळतो. या सवलती खुल्या जागांवर दिलेल्या स्त्री-उमेदवारांच्या प्रमाणाशी बांधता येतात. कायदा होईपर्यंत दौंडच्या मतदारानं प्रत्येक पक्षाला एवढं तरी विचारावं, की जिल्हा परिषदेच्या राखीव सोडून उरलेल्या गटांत तुमच्या किती स्त्रिया उभ्या आहेत. राखीव गटातली स्त्री कायद्यानं आणलेली असते. खुल्या गटातली पक्षानं निवडलेली असते, आणि पक्षाची नियत त्या दुसऱ्या आकड्यातच कळते.

(पुढील भागात : सहकारी साखर कारखान्यांच्या संचालक मंडळांतल्या राखीव महिला जागा)