सही केली म्हणून हक्क जातो का?

दोरावरून दरी ओलांडण्याआधी एक कागद पुढे येतो: ‘इजा झाल्यास आयोजक जबाबदार नाहीत.’ आमच्या शेंद्रा एमआयडीसीतले कामगार असोत वा शहरातली कुटुंबे, सहलीच्या घाईत त्यावर न वाचताच सही होते. अपघातानंतर त्याच सहीला भिऊन माणसे गप्प बसतात. ही भीती अनाठायी आहे, हे कायदा चाळताना माझ्या लक्षात आले.

सही करून आपण खेळातला अंगभूत धोका पत्करतो. झिजलेला दोर त्यात येत नाही, तो निष्काळजीपणा. दिल्लीच्या ताजमहाल हॉटेलातून मोटार चोरीला गेली, तेव्हा ‘मालकाच्या जोखमीवर’ या छापील अटीमागे स्वतःचा निष्काळजीपणा लपवता येणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये ठरवले. मोटारीला जे संरक्षण, ते माणसाच्या हाडांना का नसावे? करार कायद्याचे (१८७२) कलम २३ लोकहिताविरुद्धचा करार रद्दबातल मानते. १८ वर्षांखालील मुलाने केलेला करार तर १९०३ च्या प्रिव्ही कौन्सिलच्या निकालापासून मुळातच निरर्थक आहे.

म्हणून कागदाची प्रत मागून घ्यावी, तुटलेल्या साहित्याचे छायाचित्र काढावे आणि दोन वर्षांच्या आत ग्राहक आयोगाकडे जावे.