मिरज जंक्शन : दुष्काळ आणि लोहमार्ग

सांगली व मिरज या दोन शहरांमध्यें अवघें पांच-सहा मैलांचें अंतर आहे. त्यामुळें मिरज स्टेशन आमच्या विद्यार्थ्यांच्या इतकें परिचयाचें आहे, कीं त्याविषयीं कांहीं नवें जाणण्यासारखें असेल असें सहसा कोणास वाटत नाहीं. परंतु या स्टेशनांत एके काळीं तीन निरनिराळ्या रुंदीचे रूळ एकत्र येत असत. तसें कां झालें, त्यापायीं लोकांस काय सोसावें लागलें, आणि ते रूळ एकसारखे झाल्यावर काय साधलें, ही हकीकत बोधप्रद आहे. ती थोडक्यांत सांगण्याचें आम्हीं येथें योजिलें आहे.

या प्रांतांत लोहमार्ग आला तो दुष्काळाच्या मागोमाग आला. इ. स. १८७६ ते १८७८ या वर्षांत दक्षिणेंत भयंकर दुष्काळ पडला. बाहेरून धान्य येत होतें. पण पुणें-सोलापूर मार्गाच्या दक्षिणेस या भागांत रेल्वे नव्हती. स्टेशनावर उतरलेलें धान्य बैलगाड्यांतून न्यावें, तर वाटेंत बैलांस वैरण नाहीं व पाणीही नाहीं. ज्यांनीं धान्य ओढून न्यावयाचें, ते बैलच उपाशी मरत. हा अनुभव ध्यानांत घेऊन सरकारनें नेमिलेल्या दुष्काळ कमिशनानें १८८० सालीं अशा मुलखांत लोहमार्ग वाढविण्याची शिफारस केली. १८८२ सालीं सदर्न मराठा रेल्वे कंपनी स्थापन झाली. पुण्याहून सातारा जिल्ह्यांतून मिरज, बेळगांव व लोंढा असा मार्ग १८९० पर्यंत पुरा होऊन तो गोव्याच्या मार्गास मिळाला. शाहू छत्रपतींच्या कारकीर्दींत कोल्हापूर संस्थानानें मिरजेपर्यंत बांधिलेला मार्ग १८९१ सालीं सुरू झाला, आणि मिरज हें जंक्शन झालें. सांगलीचा लहानसा फाटा त्यास १९०७ सालीं जोडला गेला.

आतां रुळांच्या मापाकडे वळूं. हिंदुस्थानांतील पहिले मोठे लोहमार्ग ब्रॉडगेजचे, म्हणजे दोन रुळांमध्यें साडेपांच फूट अंतर असलेले होते. ते बांधण्यास खर्च फार. म्हणून १८७० च्या सुमारास सरकारनें कमी खर्चाचें मीटरगेज पसंत केलें. त्याची रुंदी सव्वातीन फुटांहून किंचित् अधिक. सदर्न मराठा कंपनीचे रूळ याच मापाचे होते. इकडे एव्हरार्ड कॅलथ्रॉप नांवाच्या इंग्रज एंजिनिअरानें अवघ्या अडीच फूट रुंदीची बार्शी लाइट रेल्वे काढिली. ती १८९७ सालीं कुर्डुवाडीहून बार्शीस, १९०६ सालीं पंढरपुरास, १९११ सालीं निजामी मुलखांतील लातुरास, व १९२७ सालीं मिरजेस पोंचली.

लोहमार्गामुळें या भागाचें रूप पालटलें यांत शंका नाहीं. १८९४ सालीं डॉ. वानलेस यांनीं मिरजेस स्थापिलेल्या मिशन इस्पितळांत दूरदूरचे रोगी गाडीनें येऊं लागले. लक्ष्मणराव किर्लोस्करांनीं १९१० सालीं आपला कारखाना कुंडल रोड स्टेशनाशेजारच्या माळावर वसविला; त्या स्टेशनाचें नांव पुढें किर्लोस्करवाडी असें झालें. तथापि रुळांचें माप बदलतें तेथें गाडी पुढें जाऊं शकत नाहीं. उतारूंनीं उतरून दुसरी गाडी गांठावयाची आणि मालाचें प्रत्येक पोतें हमालांनीं पाठीवरून एका वाघिणींतून दुसरींत टाकावयाचें, असा क्रम होता. त्यांत वेळ जाई, माल सांडे, व हमाली वाढून मालाचा भाव चढे. ज्या काटकसरीसाठीं अरुंद रूळ घातले, त्या काटकसरीची किंमत लोक अशी वर्षानुवर्षें भरीत राहिले. मात्र याच कामावर अनेक हमालांचीं कुटुंबें पोसलीं जात, हेंही विसरतां येत नाहीं.

१९७१ च्या सुमारास पुणें-मिरज व कोल्हापूर हा मार्ग ब्रॉडगेज झाला व सांगली शहर मुख्य मार्गावर आलें. बेळगांवकडील मीटरगेज व पंढरपूरकडील अडीच-फुटी रूळ मात्र तसेच राहिले. म्हणून त्यानंतर सुमारें पंचवीस वर्षें मिरजेस तिन्ही मापें एकत्र नांदलीं. बेळगांवचा मार्ग गेल्या शतकाच्या शेवटच्या दशकांत, लातूरचा २००८ पर्यंत व पंढरपूरचा २०११ पर्यंत रुंद झाला.

या सुधारणेचें महत्त्व २०१६ च्या उन्हाळ्यांत सर्वांस कळून आलें. लातूर शहरांतील पाण्याचे सांठे आटले, तेव्हां मिरजेहून कृष्णेचें पाणी आगगाडीनें धाडण्याचें ठरलें. दहा टाकी-वाघिणींत सुमारें पांच लाख लिटर पाणी घेऊन पहिली गाडी ११ एप्रिल रोजीं निघाली व सुमारें ३४० किलोमीटर चालून दुसऱ्या दिवशीं लातुरास पोंचली. पुढें पन्नास वाघिणींची गाडी धांवूं लागली, आणि ऑगस्टपर्यंत शंभराहून अधिक फेऱ्या झाल्या. ही गाडी पंढरपूर व कुर्डुवाडीवरून, म्हणजे जुन्या बार्शी लाइट रेल्वेच्याच वाटेनें गेली. धान्याचें पोतें हमालाच्या पाठीवर चढतें. पाणी चढत नाहीं. वाटेंत रुळांचें माप बदलतें, तर त्या पाण्याचा पुढचा प्रवास फार कठीण झाला असता.

येथवर लोहमार्गाची थोरवी झाली. पण एक गोष्ट विद्यार्थ्यांनीं ध्यानांत ठेवावी. ती गाडी लातुरास जातांना कवठेमहांकाळ, जत रोड, सांगोला या स्टेशनांवरून गेली, आणि हा मुलूख स्वतःच पिढ्यान् पिढ्या अवर्षणानें पीडलेला आहे. रेल्वे धान्य व पाणी नेते. तीं उत्पन्न करीत नाहीं, व कोणाकडून घेऊन कोणास द्यावीं याचा निवाडाही तिला करतां येत नाहीं. पाऊस पडतो तेव्हां तो अडवून जिरविणें, आणि असलेलें पाणी जपून व न्यायानें वाटून घेणें, हें काम माणसांचें आहे. तें वेळेवर झालें, तर पाण्याची गाडी सोडण्याचा प्रसंग मिरज स्टेशनावर पुन्हा न येवो, ही आमची इच्छा सफल होण्याची आशा आहे.