तेरड्याचा रंग किती दिवस?

बसा रे सगळे जवळ. आज तेरड्याची गोष्ट सांगायची आहे.

"तेरडा म्हणजे म्हणीतला ना, आजोबा?"

हो, तोच. तेरड्याचा रंग तीन दिवस! शाळा सुरू झाली की तुम्ही नवं वेळापत्रक करून भिंतीवर चिकटवता, पहाटे उठून पाठांतराला बसता, आणि आठवडा संपायच्या आत ते वेळापत्रक भिंतीवर आणि तुम्ही अंथरुणात. मग आजी ही म्हण ऐकवते. कोणी मोठ्या हौसेनं पेटी विकत घेतली आणि ती माळ्यावर गेली, कोणाची गाढ मैत्री पहिल्याच रुसव्यात तुटली, कोणी चार दिवस व्यायाम करून पाचव्या दिवशी दमला, सगळ्यांना ही एकच म्हण पुरते. भरभर चढणारा आणि तितक्याच भरभर उतरणारा उत्साह, न टिकणारा दिमाख, असा तिचा अर्थ. तेरडा हे नाव आपल्या बोलण्यात येतं ते बहुतेक वेळा असं, कोणाला तरी टोमणा मारायला.

पण ज्याच्या नावानं आपण टोमणा मारतो, ते झाड खरंच तसं आहे का, हे एकदा नीट बघायला हवं.

पाऊस चांगला रुजला की तेरडा बांधावर, ओढ्याच्या काठी, जुन्या गडग्यांच्या फटीत, डोंगरउतारावर आपोआप उगवतो. त्याला कोणी पेरत नाही. झाड साधारण गुडघ्याएवढं, खोड हिरवट आणि रसाळ, पानं लांबट आणि काठाला करवतीसारखे दाते. श्रावण-भाद्रपदात पानांच्या बेचक्यांतून गुलाबी, जांभळी, क्वचित पांढरी फुलं येतात. बागेत लावतात त्या भरगच्च पाकळ्यांच्या तेरड्याला गुलतेवडा म्हणतात. झाड तेच, माणसानं निवडून निवडून त्याच्या पाकळ्या वाढवल्या इतकंच.

आता एक फूल हातात घ्या आणि उलटं करून बघा. मागच्या बाजूला एक बारीक, वाकडी नळी दिसते. तिच्या टोकाशी मध साठलेला असतो. मध हवा असेल तर फुलपाखराला किंवा मधमाशीला फुलाच्या तोंडाशी येऊन आपली सोंड त्या नळीत घालावी लागते. नेमकं तिथंच, वरच्या बाजूला, पाच पुंकेसर एकत्र जुळून त्यांची टोपी झालेली असते. पाहुणा मध पिऊ लागला की ही टोपी त्याच्या अंगाला घासते आणि पराग चिकटतात. काही काळानं ती टोपी आपोआप गळून पडते आणि तिच्याखाली झाकलेला स्त्रीकेसर उघडा होतो. म्हणजे हे फूल आधी नर असतं आणि नंतर मादी होतं. स्वतःचे पराग स्वतःलाच लागू नयेत, दुसऱ्या फुलाकडून यावेत, म्हणून ही व्यवस्था. त्या थोड्या दिवसांत एकच फूल दोन वेगवेगळ्या भूमिका पार पाडतं.

"आणि मग पाकळ्या गळतात?"

गळतात. पाकळीचा रंग असतो तो पाहुण्याला बोलावण्यासाठी. पराग देऊन झाले, घेऊन झाले, की बोलावण्याचं कारण उरत नाही. रंग टिकवायला झाडाला पाणी लागतं, अन्न लागतं. ते सगळं आता पोटातल्या बियांकडे वळवायचं असतं. तेव्हा तीन दिवसांचा रंग ही तेरड्याची हिशेबी काटकसर आहे, चंचलपणा नाही.

तीन दिवस म्हटल्यावर गौरी आठवल्या की नाही? भाद्रपदात अनुराधा नक्षत्रावर गौरी येतात, ज्येष्ठा नक्षत्रावर त्यांची पूजा होते आणि मूळ नक्षत्रावर त्या जातात. कोकणात आणि देशावरच्या कितीतरी घरांत गौर म्हणून येतात त्या तेरड्याच्याच डहाळ्या. मुली आणि सुना ओढ्याकाठी जाऊन तेरडा मुळासकट उपटून आणतात, कारण त्याची मुळं म्हणजे गौरीची पावलं मानतात. मूठभर फुलवाली रोपं एकत्र बांधायची, त्यांना मुखवटा लावायचा, साडी नेसवायची, आणि दारातून आत आणताना पावलांवर दूध-पाणी घालायचं. ज्याच्या रंगाला आपण म्हणीत नावं ठेवतो, त्यालाच भाद्रपदात माहेरवाशीण म्हणून घरात घेतो. या नावाचं घरातलं स्थान म्हणीतल्या स्थानापेक्षा कितीतरी वरचं आहे.

आता गोष्टीतला सगळ्यात गमतीचा भाग येतो. फूल गळल्यावर तिथं एक छोटी, फुगीर, लव असलेली शेंग धरते. वनस्पतिशास्त्राच्या भाषेत ते बोंड, पण आपण शेंगच म्हणू. ती पिकून फिकट झाली की हळूच चिमटीत धरा. तोंडानं आवाज करायच्या आत ती फट्कन फुटते, बिया चौफेर उडतात आणि हातात राहतात पाच हिरव्या, गुंडाळलेल्या चिंध्या. लहान मूल असेल तर पहिल्यांदा दचकून हात मागे घेतं आणि दुसऱ्या क्षणी दुसरी शेंग शोधायला लागतं.

"आजोबा, पण ती फुटते कशी? उडदाची शेंग फुटते तशी?"

छान विचारलंस. उडीद, सोयाबीन शेतात तडकतात ते वाळून. उन्हानं शेंगेचं टरफल कोरडं होतं, पिळवटतं आणि फाटतं. तेरड्याची शेंग मात्र ओलीहिरवी असतानाच फुटते. तिची ताकद पाण्यात आहे. शेंगेच्या भिंतीच्या पाच फाळ्या असतात. प्रत्येक फाळीच्या बाहेरच्या थरातल्या पेशी पाणी पिऊन टम्म फुगतात, त्यांना पसरायचं असतं. आतला थर त्यांना पसरू देत नाही. त्यामुळे शेंग म्हणजे ताणून ठेवलेलं धनुष्यच. पिकता पिकता पाच फाळ्यांमधले सांधे कच्चे होत जातात. एखाद्या गाईचं अंग घासलं, पावसाचा थेंब पडला, तुमचं बोट लागलं, की सांधे सुटतात, फाळ्या आतल्या बाजूला गुंडाळल्या जातात आणि बिया भिरकावल्या जातात. हे सगळं काही सहस्रांश सेकंदात घडतं. डोळ्याची पापणी लवायला याच्या कितीतरी पट वेळ लागतो.

हे पाणी तिथवर पोचतं कसं, तेही बघता येतं. पांढऱ्या फुलांच्या तेरड्याची एक फांदी लाल शाईच्या पाण्यात उभी करून ठेवा. खोड इतकं नितळ असतं की थोड्या वेळानं त्याच्या आत लाल रेघा वर चढताना दिसतात. झाडाच्या जलवाहिन्या कापून न बघता नुसत्या डोळ्यांनी दिसाव्यात, अशी झाडं फार नाहीत. म्हणून तर शाळेतल्या या प्रयोगाला तेरडाच घेतात.

शेंगेच्या या उतावीळपणानं जगभरच्या माणसांना इतकं चकित केलं की त्यांनी तेच झाडाचं नाव ठेवलं. स्वीडनचा कार्ल लिनियस, ज्यानं साऱ्या सजीवांना दोन शब्दांची शास्त्रीय नावं द्यायची पद्धत रुळवली, त्यानं 1753 साली आपल्या ग्रंथात तेरड्याची नोंद 'इम्पेशन्स बाल्समिना' अशी केली. लॅटिनमध्ये इम्पेशन्स म्हणजे अधीर. इंग्रजीत त्याला 'टच मी नॉट' म्हणतात, म्हणजे मला हात लावू नका. आणि चीनमध्ये वैद्य तेरड्याचं बी औषधात वापरतात, त्या बियांना ते 'जी-शिंग-झी' म्हणतात. त्याचाही अर्थ उतावळ्या स्वभावाचं बी! दोघांनीही एकच शेंग चिमटीत धरून पाहिली होती, त्यामुळे नावही एकच सुचलं.

या कुळात एक शांत भाऊबंदही आहे बरं का. तेरड्याच्या कुळात वंश फक्त दोन. एका वंशात हजाराहून जास्त जातींचे तेरडे, आणि दुसऱ्यात एकच जात, हायड्रोसेरा. ती दलदलीत आणि साचलेल्या पाण्यात उभी राहते, आणि तिचं फळ फुटत नाही. ज्याला पाणी वाहून नेणार आहे त्यानं उडी कशाला मारायची? आपला तेरडा जमिनीवरचा. त्याच्या बीला ना पंख, ना कापूस, ना पक्ष्याला मोहात पाडणारा गर. आईच्या सावलीतून बाहेर पडायचं तर ही एक उडीच काय ती.

ही उडी असते थोड्याच अंतराची, फार तर काही पावलांची. पण त्या आखूड उडीतूनच एक मोठी गोष्ट घडली. बी लांब जात नाही म्हणून एका ओल्या कड्यावरचा तेरडा दुसऱ्या डोंगरावर सहसा पोचत नाही. मधे कोरडी दरी आली की दोन्हीकडची मंडळी वेगळी पडतात, आणि हजारो पिढ्यांनंतर त्यांच्या जातीच वेगळ्या होतात. म्हणून सह्याद्रीत तेरड्यांच्या कितीतरी जाती अशा आहेत, ज्या जगात दुसरीकडे कुठंच सापडत नाहीत. साताऱ्याजवळच्या कास पठारावर भाद्रपदात गुलाबी गालिचे दिसतात, त्यांत मोठा वाटा एका ठेंगण्या तेरड्याचा आहे, त्याचं नाव इम्पेशन्स लॉवी. ओल्या कातळाला चिकटून राहणारा ढाल तेरडा वेगळा, उत्तर सह्याद्रीतला पिवळा तेरडा आणखी वेगळा. 2012 साली युनेस्कोनं पश्चिम घाटातल्या 39 ठिकाणांना जागतिक वारसा म्हटलं, त्यांत कास आहे. हा वारसा अशाच लहानलहान झाडांनी बनलेला आहे.

आणि ज्याला सगळं जग अधीर म्हणतं, त्याच्या बियांचा धीर बघा. पाऊस संपला की तेरड्याचं झाड मरतं. त्याला कळलावीसारखा जमिनीखाली कंद नसतो, त्यामुळे पुन्हा फुटायची सोय नाही. थंडी, मग उन्हाळा, तापलेली माती, असे सात-आठ महिने बी निपचित पडून राहतं आणि जूनच्या पावसाची वाट बघतं. अवकाळी सरीवर सगळ्यांनीच भाळून चालत नाही.

"म्हणजे म्हण चुकीची का, आजोबा?"

थांब, आता रंगाची दुसरी बाजू सांगतो. हिंदीत तेरड्याला गुलमेहंदी म्हणतात. गुल म्हणजे फूल. मेहंदी का म्हणाल, तर मेंदीच्या पानात जो रंगद्रव्याचा अंश असतो, लॉसोन नावाचा, तोच तेरड्यातही असतो. हा रंग नखांच्या केराटिन नावाच्या प्रथिनाला घट्ट धरून बसतो. चीनमध्ये तेरड्याचं एक नाव नखांचं फूल असंच आहे. कोरियात उन्हाळ्याच्या अखेरीस मुली तेरड्याची फुलं आणि पानं तुरटीबरोबर ठेचतात, तो लगदा नखांवर ठेवून वरून पान किंवा कापड बांधतात आणि रात्रभर तसंच झोपतात. सकाळी नखं नारिंगी-लाल. हा रंग धुऊन जात नाही. नख महिन्याला साधारण तीन मिलिमीटर वाढतं, तेव्हा नख वाढून कापलं जाईल तसतसाच तो जातो. तिथं समजूत अशी की पहिला बर्फ पडेपर्यंत नखावर रंग उरला तर पहिलं प्रेम सफळ होतं.

जपानच्या दक्षिणेला ओकिनावा बेटं आहेत. तिथलं एक लोकगीत घराघरांत गातात, त्याचं नावच 'तेरड्याचं फूल' असं आहे. तेरड्यानं नख रंगतं, तसं आईवडिलांच्या शिकवणीनं मन रंगावं, असा त्या गीताचा आशय आहे. 2012 साली त्याला ओकिनावा प्रांताचं गीत म्हणून मान मिळाला. एकच फूल. आपण त्याचं नाव घेतो ते न टिकणाऱ्या गोष्टीसाठी, आणि ओकिनावाचे लोक घेतात ते आयुष्यभर टिकावं अशा गोष्टीसाठी.

तर बाळा, म्हण चुकीची नाही. आपल्या लोकांनी पाकळी पाहिली आणि खरं तेच सांगितलं. ओकिनावाच्या लोकांनी नख पाहिलं, लिनियसनं आणि चिनी वैद्यांनी शेंग पाहिली, गौर आणणाऱ्या बायकांनी मूळ पाहिलं. प्रत्येकानं एकेक भाग पाहून नाव दिलं, आणि प्रत्येक नाव खरं आहे. सगळी नावं एकत्र केली की मग कुठं पुरा तेरडा कळतो. माझ्या मते या झाडाला चंचल म्हणणं हा त्याच्यावर अन्याय आहे. चार महिन्यांच्या पावसात जन्म, फूल, शेंग, उडी सगळं उरकून पुढच्या वर्षाची तरतूद करून जाणारं झाड कामसू आहे.

म्हणून यंदा गौर आणायला गेलात तर माझं एवढं ऐका. एका जागचा सगळा तेरडा उपटू नका. ज्यांना शेंगा धरल्यात अशी रोपं तिथंच राहू द्या, म्हणजे पुढच्या भाद्रपदात त्याच वाटेवर गौर पुन्हा भेटेल. कासला किंवा कोणत्याही पठारावर गेलात तर फुलांत पाऊल टाकू नका, तिथला तेरडा तर मुळीच तोडू नका. आणि बांधावरचा साधा तेरडा दिसला, की एक पिकलेली शेंग बघून तिला हलकेच बोट लावा. तिच्या बिया पेरायचं काम तेवढ्यानं तुमच्या हातून होऊन जाईल.