राजसोहळ्याचे चित्रीकरण आणि पुराव्याचे मूल्य : १९११ चा दिल्ली दरबार

प्रस्तावना
चित्रपटाच्या आरंभकाळात वास्तव घटनांचे चित्रण करणाऱ्यांना राजसोहळा हा विषय विशेष सोयीचा होता. सोहळ्याचे स्थळ, वेळ व क्रम आधीच निश्चित असल्याने जड कॅमेरा योग्य जागी उभा करता येई. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर उर्फ सावेदादा यांनी १९०३ चा दिल्ली दरबार चित्रित केला होता. पंचम जॉर्ज यांचा १२ डिसेंबर १९११ रोजीचा दरबार मात्र अनेक कंपन्यांनी टिपला.

रंगीत चित्रणाचे तंत्र
यांपैकी चार्ल्स अर्बन यांनी 'किनेमाकलर' पद्धत वापरली. या पद्धतीत कृष्णधवल फितीवर तांबड्या व हिरव्या काचांतून आळीपाळीने चित्रे घेतली जात. तशाच फिरत्या काचांतून ती सेकंदाला सुमारे ३२ या गतीने पडद्यावर टाकली असता रंगांचा भास होई. जलद हालचालींच्या कडांना मात्र रंगीत झालर दिसे. त्यामुळे संथ मिरवणुका या तंत्रास अनुकूल ठरल्या. सुमारे अडीच तासांचा हा कार्यक्रम २ फेब्रुवारी १९१२ पासून लंडनच्या स्काला थिएटरात दाखविण्यात आला. त्यातील फारच थोडा भाग आज उपलब्ध आहे.

बडोद्याचा प्रसंग
साम्राज्याचे वैभव दाखविण्यासाठी केलेल्या चित्रणातून एक अनपेक्षित वाद उद्भवला. संस्थानिकांनी सम्राटांना मुजरा करून पाठ न दाखविता मागे सरावे, असा शिष्टाचार होता. महाराजा सयाजीराव गायकवाड (तिसरे) यांनी एकदाच मान लववून पाठ फिरविल्याचा आक्षेप घेण्यात आला. वृत्तपत्रांनी तो उचलून धरला. लंडनमध्ये चित्रफितीही दाखविल्या गेल्या. अखेरीस महाराजांना व्हाइसरॉय हार्डिंग यांच्याकडे पत्राने दिलगिरी व्यक्त करावी लागली. काहींनी या कृतीत राजद्रोह पाहिला, तर काहींनी स्वाभिमान.

निष्कर्ष
मूक चित्रफीत कृती दाखविते. हेतू सांगू शकत नाही. कॅमेऱ्याची जागा, चित्रणाचा कालावधी व काटछाट यांवरही तिचा अर्थ अवलंबून असतो. म्हणून अशा फितींचे अध्यापनात उपयोजन करताना सोहळ्याचे नियम, पत्रव्यवहार व समकालीन वृत्ते यांच्याशी त्या ताडून पाहणे आवश्यक ठरते. सत्तेने स्वतःच्या गौरवासाठी निर्माण केलेले साधन तिच्या धास्तीचाही दस्तऐवज ठरू शकते, हे या उदाहरणावरून स्पष्ट होते.